परदेशीं गवसलेला स्वदेश

जगाचा नकाशा उघडून उत्तर व दक्षिण अमेरिका यांच्या मधल्या समुद्रावर बोट ठेवा. कोणीं मूठभर तांदूळ उधळावे तशीं बेटें तेथें पसरलेलीं दिसतील. जमेका, त्रिनिदाद, बार्बाडोस, सेंट लुशिया, ग्रेनेडा हीं त्यांतलीं कांहीं नांवें. क्रिकेटमुळें ‘वेस्ट इंडीज’ हें नांव आपल्याकडे घरोघर ठाऊक झालें आहे. पण तें मुळांत एका चुकींतून जन्मास आलें, हें फार थोड्यांच्या ध्यानांत असतें. १४९२ सालीं कोलंबस हिंदुस्थानची वाट शोधीत निघाला आणि या बेटांना लागला. त्याला तेंच हिंदुस्थान वाटलें! ज्या भूमीला नांवच दुसऱ्या देशाचें मिळालें, तेथल्या माणसानें ‘मी कोण?’ या प्रश्नाचें उत्तर काय द्यावें? हा प्रश्न घेऊन तेथले कांहीं विद्वान विलायतेस गेले. त्यांची हकीकत येथें सांगावयाची आहे.

प्रथम थोडा पूर्वेतिहास सांगणें भाग आहे. या बेटांवरचे मूळचे रहिवासी युरोपियनांच्या जुलमानें व त्यांनीं आणलेल्या रोगांनीं बहुतेक नामशेष झाले. मग उंसाच्या लागवडीसाठीं आफ्रिकेंतून माणसें विकत आणण्यांत आलीं. ब्रिटिश पार्लमेंटानें गुलामगिरी बंद करण्याचा कायदा १८३३ सालीं केला. तो पुढल्या वर्षीं अमलांत आला आणि पुरी मोकळीक १८३८ सालीं मिळाली. नुकसानभरपाई म्हणून दोन कोटि पौंड मंजूर झाले, ते मालकांना! पिढ्यान् पिढ्या राबलेल्या गुलामांच्या हातीं एक पैहि पडली नाहीं. मळ्यांना मजूर तर हवेच होते. तेव्हां करारानें मजूर नेण्याची तोड निघाली, आणि १८३८ सालीं हिंदी मजुरांचीं पहिलीं जहाजें ब्रिटिश गियानांत पोंचलीं. हा मुलूख दक्षिण अमेरिकेच्या किनाऱ्यावर आहे. बेट नव्हे, परंतु इतिहासानें बेटांचा सख्खा भाऊ. त्रिनिदादला पहिलें जहाज १८४५ सालीं लागलें. १९१७ सालीं ही भरती थांबेपर्यंत गियानांत सुमारें २,३९,००० आणि त्रिनिदादांत सुमारें १,४४,००० हिंदी माणसें गेलीं. त्यांतलीं बहुतेक आजच्या उत्तर प्रदेश व बिहारकडचीं, कांहीं मद्रासेकडचीं. शिवाय चिनी आले, पोर्तुगीज आले. अशा रीतीनें, जेथें जवळजवळ प्रत्येकाचे पूर्वज समुद्र ओलांडून आलेले, असा एक समाज तेथें तयार झाला.

या समाजांत शाळा निघाल्या. मिशन शाळेच्या अंकांत एक गोष्ट नमूद करावयास हरकत नाहीं: त्रिनिदादांतील हिंदी मजुरांच्या मुलांकडे फारसें कोणाचें लक्ष नव्हतें, त्या काळीं, १८६८ सालीं, कॅनडांतील प्रेस्बिटेरियन मंडळीचे जॉन मॉर्टन तेथें गेले आणि त्यांनीं व त्यांच्या सहकाऱ्यांनीं त्या मुलांसाठीं शाळा घातल्या. सॅन फर्नांडो येथील नापरिमा कॉलेज हें त्याच कार्याचें फळ. परंतु शाळा मिशनची असो वा सरकारची, पुस्तकें इंग्लंडचीं, राजे इंग्लंडचे, ऋतुहि इंग्लंडचे. बार्बाडोसचे कवि व इतिहासकार कमाऊ ब्रॅथवेट यांनीं पुढें एका व्याख्यानांत मोठें मार्मिक उदाहरण दिलें. तिकडचें मूल निबंध लिहावयास बसलें कीं उंसाच्या शेतांवर हिम पडल्याचें वर्णन करी! बर्फ त्यानें जन्मांत पाहिलेला नसे. दर वर्षीं छप्परें उडविणारें वादळ मात्र त्याच्या निबंधांत येत नसे, कारण तें पुस्तकांत नव्हतें. आम्हां शिक्षकांना हें वाचून हंसूं येतें खरें, पण तें हंसूं फार वेळ टिकत नाहीं.

या शिक्षणाचा कळस म्हणजे बेटाची सरकारी शिष्यवृत्ति. वरच्या परीक्षेचे प्रश्न इंग्लंडांत तयार होत आणि मुलांचीं उत्तरें आगबोटीनें इंग्लंडांतच तपासावयास जात. एका वसाहतींत वर्षाकाठीं एका हाताच्या बोटांवर मोजतां येतील इतक्याच शिष्यवृत्त्या असत. ज्याला ती मिळाली तो विलायतेस जाऊन डॉक्टर किंवा बॅरिस्टर होई. ज्याची थोडक्यांत हुकली तो बहुधा जन्मभर कारकुनी करी किंवा मास्तरकी. एका मुलाच्या यशानें सारा गांव आनंदित होई हें खरें, परंतु ज्या परीक्षेंत वर्गांतल्या सर्वांत हुशार मुलाला गांवापासून तोडून दूर पाठवणें हेंच बक्षीस असतें, ती परीक्षा चमत्कारिकच म्हटली पाहिजे.

त्रिनिदादच्या क्वीन्स रॉयल कॉलेजांत दोन माणसांची गांठ पडली. एक शिक्षक, सी. एल. आर. जेम्स, दुसरा विद्यार्थी, एरिक विल्यम्स. जेम्स यांचा जन्म १९०१ सालीं एका शाळामास्तराच्या घरीं झाला. लहान वयांत या नामांकित शाळेंत त्यांना जागा मिळाली, परंतु क्रिकेट व कादंबऱ्या यांच्या नादांत शिष्यवृत्ति हातची गेली. १९३२ सालीं ते आपल्या हिमतीवर इंग्लंडास गेले आणि प्रसिद्ध क्रिकेटपटु लिअरी कॉन्स्टंटाइन यांच्या घरीं उतरले. त्याच वर्षीं विल्यम्सहि शिष्यवृत्ति मिळवून ऑक्सफर्डला गेले. जेम्स यांनीं १९३८ सालीं हैतींतील गुलामांच्या यशस्वी बंडाचा इतिहास ‘द ब्लॅक जॅकोबिन्स’ या नांवानें प्रसिद्ध केला, आणि १९६३ सालीं ‘बियाँड अ बाउंडरी’ हें पुस्तक. दुसरें वरवर क्रिकेटचें आहे. पण पांढऱ्या कपड्यांतला हा खेळ खेळतांना वसाहतींतल्या मुलानें न्याय कसा शिकला, आणि संघाचें कप्तानपद गोऱ्यांसाठींच राखलेलें पाहून अन्यायहि कसा शिकला, हें त्यांत सांगितलें आहे. क्रिकेटवेड्या विद्यार्थ्यांनीं मोठेपणीं तें अवश्य मिळवून वाचावें.

आर्थर लुइस यांचें चरित्र पालकांनीं ऐकावें असें आहे. सेंट लुशिया बेटावरील कॅस्ट्रीज गांवीं २३ जानेवारी १९१५ रोजीं त्यांचा जन्म झाला. आईबाप दोघेहि शिक्षक, अँटिग्वा बेटावरून आलेले. म्हणजे स्थलांतर घरांतच होतें. सातव्या वर्षीं आजारपणामुळें शाळा बुडूं लागली, तेव्हां वडिलांनीं घरींच रोज धडे देण्याचा नेम धरला. तीन महिन्यांत मुलाची इतकी प्रगति झाली कीं परत गेल्यावर चौथींतून एकदम सहावींत बसविण्यांत आलें. त्याच सुमारास वडील वारले. पांच मुलगे पदरीं घेऊन आईनें दुकान घातलें आणि सर्वांना शिकविलें. दुसऱ्याला जें जमतें तें तुलाहि जमलें पाहिजे, ही त्या माउलीची शिकवण लुइस जन्मभर सांगत. चौदाव्या वर्षीं शाळा संपली. शिष्यवृत्तीच्या परीक्षेस वय कमी पडलें, म्हणून सरकारी कचेरींत कारकुनी केली. १९३२ सालीं शिष्यवृत्ति मिळाली. आतां शिकावें काय? मनांतून इंजिनियर व्हावयाचें होतें. पण सरकार किंवा साखरेचे मळेवाले, कोणीच काळ्या इंजिनियराला नोकरीस ठेवीत नसत. म्हणून त्यांनीं व्यापारशास्त्र निवडलें आणि १९३३ सालीं लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्यें नांव घातलें. अर्थशास्त्र या विषयाचें नांवहि तोंवर त्यांच्या कानीं नव्हतें!

रंगामुळें एक दार लागलें आणि दुसरें उघडलें, असें म्हणून यांत परमेश्वरी योजना दाखवणें सोपें आहे. पण त्या लागलेल्या दाराशीं दुसरीं किती मुलें थांबून राहिलीं त्यांचीं नांवें आपणांस कोण सांगणार? लुइस यांना त्यांचा विसर पडला नाहीं. १९३४ ते १९३८ च्या दरम्यान या बेटांत संप व दंगे पेटले, तेव्हां त्यांनीं १९३९ सालीं तेथल्या मजुरांविषयीं एक लहान पुस्तक लिहून विलायतच्या लोकांसमोर ठेवलें. १९४८ सालीं ते मँचेस्टर येथें प्राध्यापक झाले. ब्रिटनमधील विद्यापीठांत हें पद मिळविणारे ते पहिले कृष्णवर्णीय. १९५४ च्या त्यांच्या निबंधांत, शेतीवर जरुरीपेक्षां जास्त माणसें ज्या देशांत अडकून पडलीं आहेत तेथें उद्योगधंदे कसे वाढतात, याचें विवेचन आहे. अर्थशास्त्राचे विद्यार्थी तो निबंध आजहि वाचतात. १९७९ सालीं त्यांना नोबेल पारितोषिक मिळालें. जातां जातां सांगतों: त्याच कॅस्ट्रीज गांवीं, त्याच २३ जानेवारीला, पण १९३० सालीं, डेरेक वॉल्कॉट या कवीचा जन्म झाला, त्यांना वाङ्मयाचें नोबेल पारितोषिक १९९२ सालीं मिळालें. मुंबईच्या एखाद्या उपनगराएवढीहि वस्ती नसलेल्या बेटाला हा मान लाभला आहे.

ही मुलें विलायतेस गेलीं तीं बेटाबेटांचीं म्हणून गेलीं. जमेकाच्या माणसाला बार्बाडोसच्या माणसाविषयीं फारशी आपुलकी नव्हती. दोहोंमध्यें हजार मैलांवर समुद्र. पण लंडनच्या थंडींत, भाड्याची खोली शोधीत हिंडतांना, ‘काळ्यांस जागा मिळणार नाहीं’ अशी पाटी दारावर वाचून दोघेहि सारखेच माघारीं फिरत. आणि मग एखाद्या वसतिगृहांत एकाच चुलीभोवतीं बसून भात व मासळी शिजवीत. बार्बाडोसचे लेखक जॉर्ज लॅमिंग १९५० सालीं इंग्लंडास गेले. परक्या भूमीवर दुसऱ्या बेटाचा माणूस भेटेपर्यंत कोणीच आपणांस वेस्ट इंडियन समजत नाहीं, असा त्यांचा अनुभव त्यांनीं १९६० च्या एका पुस्तकांत मांडला. ज्या देशाचें नांव कोलंबसाच्या चुकीनें पडलें, तो देश त्या नांवानें प्रथम खरा झाला तो लंडनांत! मायदेशाची ओळख मायदेशाबाहेर पटावी, ही गोष्ट विचित्र वाटेल. परंतु कोंकणचा माणूस व वऱ्हाडचा माणूस परप्रांतांत भेटले कीं काय होतें, हें ज्यांनीं अनुभविलें आहे त्यांना ती पटेल.

ही ओळख विद्वत्तेच्या कामीं कशी आली, तें विल्यम्स यांच्या ग्रंथावरून दिसतें. ब्रिटननें केवळ धर्मबुद्धीनें व दयेनें गुलामगिरी बंद केली, असें त्यांना शाळेपासून शिकविलें गेलें होतें. ऑक्सफर्डमध्यें त्यांनीं जुनीं कागदपत्रें व हिशेब तपासले, आणि १९३८ सालीं त्या विषयावर प्रबंध लिहिला. तोच वाढवून १९४४ सालीं ‘कॅपिटॅलिझम अँड स्लेव्हरी’ हा ग्रंथ अमेरिकेंत प्रसिद्ध झाला. गुलामांच्या व्यापाराच्या नफ्यानें ब्रिटनच्या उद्योगधंद्यांना भांडवल पुरविलें, आणि पुढें साखरेच्या बेटांचा फायदा ओसरला तेव्हांच मुक्तीची चळवळ यशस्वी झाली, असें त्याचें प्रतिपादन. ब्रिटनमध्यें हा ग्रंथ छापला जाण्यास १९६४ साल उजाडावें लागलें. त्यांतल्या दुसऱ्या मुद्द्यावर इतिहासकारांत आजहि कडाक्याचा वाद आहे. विल्बरफोर्स यांचें चरित्र मिशन शाळांतून आदरानें शिकविलें जातें. तें सोडून द्यावें असें मला वाटत नाहीं, कारण त्यांची तळमळ खरी होती. पण त्या धड्याशेजारीं त्या दोन कोटि पौंडांचा हिशेबहि फळ्यावर लिहिला पाहिजे. तो हिशेब मांडण्याचें धैर्य गुलामांच्या वंशजाला झालें, आणि साधनें मिळालीं तीं गुलामांच्या मालकांच्या देशांत. परकी विद्या घेऊन माणूस परकाच होतो, असें म्हणणाऱ्यांनीं या ग्रंथाकडे पाहावें.

विल्यम्स घरीं परतले. १९५५ सालीं एका आंतरराष्ट्रीय मंडळांतील त्यांची नोकरी संपली, तेव्हां त्यांनीं पोर्ट ऑफ स्पेन शहरांतील वुडफर्ड चौकांत उघड्यावर व्याख्यानें देण्यास आरंभ केला. हमाल, दुकानदार, शिक्षक, स्वयंपाकिणी, सारे रात्रीं उभ्यानें इतिहास ऐकत. त्या जागेला ‘वुडफर्ड चौकाचें विद्यापीठ’ असें नांव पडलें. १९६२ सालीं त्रिनिदाद व टोबॅगो स्वतंत्र झाले आणि विल्यम्स पंतप्रधान झाले. १९८१ सालीं मृत्यु येईपर्यंत ते त्या पदावर होते. परंतु गोष्ट इतकी गोड नाहीं. त्यांचे गुरु जेम्स १९५८ सालीं परत येऊन त्यांच्या पक्षाचें वर्तमानपत्र चालवूं लागले, दोघांचें बिनसलें, आणि १९६५ सालीं जेम्स क्रिकेटच्या वार्ता देण्यासाठीं आले असतां विल्यम्स यांच्याच सरकारनें त्यांना कांहीं आठवडे घरांत स्थानबद्ध केलें. स्वदेश सांपडला म्हणजे सगळें सुरळीत होतें असें नाहीं.

स्टुअर्ट हॉल यांना घरीं परतणें जमलेंच नाहीं. त्यांची कथा मला सर्वांत अस्वस्थ करणारी वाटते, कारण तिचें मूळ घरांत आहे. जन्म किंग्स्टन येथें, १९३२ सालीं, जमेकाच्या मध्यमवर्गांत. त्या समाजांत कातडीची एकेक छटा मोजली जाई, आणि हॉल आपल्या घरांत सर्वांत सांवळे होते. पाळण्यांतल्या बाळाला पाहून त्यांच्या बहिणीनें विचारलें, हें ‘कुल्याचें पोर’ कोठून आणलें? थट्टेचा तो बोल ते जन्मभर विसरले नाहींत. पुढें त्या बहिणीचें एका कृष्णवर्णीय वैद्यक विद्यार्थ्यावर मन बसलें. रंगाच्या कारणानें आईबापांनीं तो संबंध मोडला, आणि तिच्या मनाचा तोल कायमचा गेला. हॉल १९५१ सालीं ऱ्होड्स शिष्यवृत्तीवर ऑक्सफर्डला गेले ते त्या घरापासून सुटका म्हणूनहि गेले. गोऱ्यांनीं केलेला वर्णभेद सर्वांना दिसतो. आपल्याच ओसरीवर बसलेला वर्णभेद पाहावयाला डोळे निराळे लागतात. लग्नाच्या बोलाचालींत ‘मुलगी उजळ हवी’ म्हणणाऱ्या आमच्या समाजाला तरी हें ऐकून नवल वाटूं नये.

ते प्रथम लंडनच्या शाळांत शिक्षक होते, मग बर्मिंगहॅम येथें लोकांच्या रोजच्या संस्कृतीचा, म्हणजे वर्तमानपत्रें, चित्रपट, तरुणांचे पोषाख यांचा, अभ्यास करणाऱ्या केंद्राचे चालक झाले. १९७९ पासून १९९७ पर्यंत ओपन युनिव्हर्सिटींत प्राध्यापक. जमेकांत असतांना आपणांस ‘काळा’ म्हणवून घेणारा कोणी ऐकला नव्हता, तो शब्द आपण इंग्लंडांत पुष्कळ वर्षांनीं शिकलों, असें ते सांगत. १९९० सालच्या एका निबंधांत त्यांनीं मांडलें तें थोडक्यांत असें: आपली ओळख म्हणजे पूर्वजांनीं पेटींत घालून ठेवलेला दागिना नव्हे, कीं किल्ली सांपडली कीं काढून अंगावर घालावा. ती इतिहासांतून येते खरी, पण घडतहि राहते. कॅरिबियन माणसांत आफ्रिका आहे, युरोप आहे, आणि तीं सर्व जेथें भेटलीं ती नवी भूमीहि आहे. यांतलें एकच निवडून बाकीचें नाकारूं गेल्यास माणूस अर्धाच उरेल.

‘कुली’ हा जो शब्द हॉल यांच्या पाळण्यापाशीं उच्चारला गेला, तो मूळ आपल्या बाजूचा, करारी मजुरांबरोबर गेलेला. त्या मजुरांच्या नातवंडांनाहि हाच प्रश्न भेटला. त्रिनिदादचे व्ही. एस. नायपॉल १९५० सालीं शिष्यवृत्तीवर ऑक्सफर्डला गेले, आणि १९६२ सालीं पूर्वजांचा देश पाहण्यास हिंदुस्थानांत आले. आपण येथें परके आहों, हेंच त्यांना येथें कळलें. त्या प्रवासावरचें त्यांचें पुस्तक अनेक हिंदी वाचकांना झोंबलें. त्यांतला कांहीं भाग मला अन्यायाचा वाटतो. पण आजोबांचें गांव नातवाला घर म्हणून परत मिळतेंच असें नाहीं, हें त्यांतलें दुःख खोटें नाहीं. उलट दिशेचा प्रवास अधिक सुखाचा झाला: गियानाचे मोठे फलंदाज रोहन कन्हाय हे अशाच हिंदी मजुरांच्या वंशांतले; मुंबईच्या सुनील गावसकर यांनीं आपल्या मुलाचें नांव त्यांच्यावरून रोहन ठेविलें.

जे इंग्लंडांतच राहिले त्यांच्या मुलांचें काय झालें? बेरिल गिलरॉय या गियानांतल्या शिक्षण घेतलेल्या शिक्षिका. लंडनांत आल्यावर त्यांना शाळेंत नोकरी मिळेना. कारखान्यांत, कोणाच्या घरीं दासी म्हणून, असे दिवस काढावे लागले. १९६९ सालीं मात्र त्या लंडनच्या एका प्राथमिक शाळेच्या मुख्याध्यापिका झाल्या, आणि १९७६ सालीं ‘ब्लॅक टीचर’ हें आत्मकथन त्यांनीं लिहिलें. १९७१ सालीं ग्रेनेडाच्या बर्नार्ड कोर्ड या तरुण शिक्षकानें एक छोटी पुस्तिका काढून दाखविलें कीं, वेस्ट इंडियन मुलांची बोली व संवय न समजून घेतां घेतलेल्या परीक्षांवरून त्यांना मंदबुद्धि ठरवून वेगळ्या शाळांत ढकलण्यांत येत आहे. आईबाप खडबडून जागे झाले. दिवसभर बस चालवून वा इस्पितळांत रात्रपाळी करून आलेल्या त्या लोकांनीं शनिवारच्या शाळा चालविल्या, आणि मुलांना गणित व वाचनाबरोबर आपल्या बेटांचा इतिहासहि शिकविला.

तो इतिहास लिहिणारे कांहीं जण तोंवर परत गेलेले होते. एल्सा गोव्हिया १९४४ सालीं ब्रिटिश गियानाची शिष्यवृत्ति मिळवून लंडनला गेल्या आणि १९५० पासून जमेकांतील मोना येथें नव्या वेस्ट इंडीज विद्यापीठ महाविद्यालयांत शिकवूं लागल्या. वेस्ट इंडीजच्या इतिहासाच्या त्या तेथल्या पहिल्या प्राध्यापिका. आर्थर लुइस १९५९ सालीं त्याच संस्थेचे प्रमुख होऊन आले, पण १९६३ सालीं अमेरिकेंत प्रिन्स्टनला गेले. १९९१ सालीं वारल्यावर त्यांचा देह सेंट लुशियांत त्यांच्याच नांवाच्या महाविद्यालयाच्या आवारांत पुरला. ब्रॅथवेट केंब्रिजहून निघाले ते आधीं घानांत सात वर्षें राहिले आणि आफ्रिकेच्या वाटेनें आपल्या बेटांकडे आले. जेम्स लंडनच्या ब्रिक्स्टन भागांत १९८९ सालीं वारले. त्यांना त्रिनिदादांत टुनापुना गांवीं नेऊन पुरलें. हॉल यांची कबर लंडनांतच आहे.

मोना येथील विद्यापीठ १९४८ सालीं ३३ विद्यार्थ्यांनिशीं सुरू झालें, तें एका जुन्या साखरमळ्याच्या जमिनीवर. त्याचें प्रार्थनामंदिरहि दुसऱ्या एका मळ्यावरची जुनी इमारत दगड दगड सोडवून आणून पुन्हां उभी केलेलें आहे. गुलामांच्या काळीं ज्या उंच पाटांतून मळ्याला पाणी येई, त्याच्या दगडी कमानी अजून तशाच उभ्या आहेत, आणि विद्यार्थी त्यांच्याजवळून वर्गांकडे जातात.